फॅनी फ्लॅग: टीव्हीवरची अभिनेत्री ते कादंबरीकार, आणि मधे आंट बेसचा कॅफे (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

फॅनी फ्लॅगचा विषय निघाला की तेच तेच प्रश्न येतात. कोणी सिनेमा बघून विचारतं, कोणी अर्धं पुस्तक वाचून अडकलेलं असतं, तर कोणाला फक्त "ही गेम शोवाली बाई कादंबरीकार कशी काय झाली" एवढंच हवं असतं. म्हणून सगळे एकत्र घेतलेत, सोपे आधी आणि गुंत्याचे नंतर. ज्या उत्तरात गोष्टीतलं गुपित फुटतं तिथे सुरुवातीलाच लिहिलंय, पुस्तक वाचायचं असेल तर तेवढं सोडून पुढे जा.

१. ही फॅनी फ्लॅग नक्की कोण? मी नाव पहिल्यांदाच ऐकतोय.

अमेरिकेच्या दक्षिणेतल्या अलाबामा राज्यात बर्मिंगहॅम शहरात १९४४ साली जन्मलेली अभिनेत्री, विनोदी कलाकार आणि मग कादंबरीकार. जगभर ओळख झाली ती १९८७ साली आलेल्या 'फ्राइड ग्रीन टोमॅटोज अ‍ॅट द व्हिसल स्टॉप कॅफे' या कादंबरीमुळे आणि १९९१ मधे तिच्यावरून निघालेल्या सिनेमामुळे. आपल्याकडे बहुतेकांना ती सिनेमामुळेच माहीत असते आणि तो कादंबरीवरून आलाय हे नंतर कळतं. ही कादंबरी तिच्या स्वतःच्या घरातल्या एका बाईच्या कॅफेतून उगवलीय, आणि या पानावरचे निम्मे प्रश्न त्याचेच आहेत.

२. हे तिचं खरं नाव आहे का? कुठेतरी पॅट्रिशिया नील असं वाचलं, पण ती तर वेगळीच अ‍ॅक्ट्रेस ना?

दोन्ही बरोबर. जन्माचं नाव पॅट्रिशिया नील, पण त्याच नावाची एक मोठी अभिनेत्री आधीपासून होती, जिला १९६३ च्या 'हड' सिनेमासाठी ऑस्कर मिळालं. अमेरिकेत रंगभूमीवरच्या कलाकारांची अ‍ॅक्टर्स इक्विटी नावाची युनियन आहे आणि तिथे एकाच नावाचे दोन मेंबर चालत नाहीत, मग हिला नाव बदलावं लागलं. फॅनी हे आजोबांनी सुचवलं, कारण त्यांच्या तरुणपणी व्हॉडव्हिलच्या (नाच, गाणी, नकला असे छोटे छोटे खेळ एकत्र दाखवणाऱ्या) स्टेजवर विनोदी काम करणाऱ्या बऱ्याच बायका फॅनी नावाच्या होत्या, आणि फ्लॅग आलं एका मैत्रिणीकडून. म्हणजे नावाचा अर्धा भाग सुद्धा घरूनच आलाय. त्यामुळे इंटरनेटवर पॅट्रिशिया नील सर्च करून जे फोटो येतात ते हिचे नाहीत, ही गल्लत खूप जण करतात.

३. अ‍ॅक्टिंगमधे ती किती मोठी होती? म्हणजे स्टार होती का?

सिनेमाची हिरॉइन अशी नाही. टीव्हीवर मात्र घराघरात माहीत असलेला चेहरा. सुरुवात बर्मिंगहॅमच्या लोकल चॅनलवर सकाळच्या कार्यक्रमातून, मग न्यूयॉर्क, मग लपवलेल्या कॅमेऱ्याने लोकांची गंमत टिपणारा 'कँडिड कॅमेरा' हा कार्यक्रम, मग १९७१ ते ७३ 'द न्यू डिक व्हॅन डाइक शो'मधे हिरोच्या बहिणीचं काम, आणि १९७० च्या दशकात 'मॅच गेम' या गेम शोच्या पॅनेलवर ती इतकी नेमाने असायची की अमेरिकेतल्या त्या पिढीला ती आजही तिथलीच आठवते. सिनेमे तसे मोजके: १९७० चा 'फाइव्ह ईझी पीसेस', १९७६ चा 'स्टे हंग्री', आणि १९७८ च्या 'ग्रीस'मधे नर्सचा छोटा रोल. ब्रॉडवेवरही तिने काम केलंय. शिवाय विनोदी रेकॉर्ड्स काढल्या, त्यात त्या वेळच्या राष्ट्राध्यक्षांची बायको लेडी बर्ड जॉन्सन हिची नक्कल फार गाजली.

ही नक्कल करायची सवय लक्षात ठेवा, प्रश्न १० मधे तिचं काम आहे.

४. मग अभिनय सोडून अचानक लेखनाकडे वळली का?

अचानक अजिबात नाही, आणि हा गैरसमज मला खरंच दूर व्हावासा वाटतो. न्यूयॉर्कमधे तिची ओळख आधी लिहिणारी म्हणूनच झाली. 'अपस्टेअर्स अ‍ॅट द डाउनस्टेअर्स' या क्लबमधे विनोदी रेव्ह्यू व्हायचे, त्यासाठी ती स्किट लिहायची, एकदा एक कलाकार आजारी पडली म्हणून ही स्वतःच स्टेजवर उभी राहिली आणि प्रेक्षकांत 'कँडिड कॅमेरा'वाला अ‍ॅलन फंट बसला होता, त्याने तिला घेतलं आणि तेही शोची लेखिका म्हणून. कॅमेऱ्यासमोर ती नंतर आली. म्हणजे "अभिनेत्रीची लेखिका झाली" हे वाक्य ऐकायला छान आहे पण तिच्याबाबतीत दोन्ही कामं पहिल्यापासून हातात हात घालून चालली होती, फक्त पुस्तक लिहायची हिंमत व्हायला वेळ लागला. त्याचं कारण पुढच्या प्रश्नात.

५. तिला डिस्लेक्सिया होता म्हणतात. डिस्लेक्सिया असताना कादंबरी कशी लिहिली?

हो, डिस्लेक्सिया म्हणजे हुशारी असूनही वाचायला-लिहायला अवघड जाणं, आणि कित्येक वर्षं तिला स्वतःलाच ते माहीत नव्हतं. शाळेत स्पेलिंग जमायचं नाही, म्हणजे आपण मठ्ठ आहोत आणि लेखक होणं आपल्यासाठी नाही असं तिने मनाशी धरून ठेवलं होतं. आता 'मॅच गेम'ची पद्धत अशी होती की पॅनेलवरच्या लोकांनी उत्तर कार्डावर हाताने लिहायचं आणि कॅमेऱ्याला दाखवायचं. तिच्या कार्डांवरच्या चुका बघून एका शिक्षक प्रेक्षकाने पत्र पाठवून कळवलं की हा डिस्लेक्सिया असू शकतो. टीव्हीवर सगळ्या देशासमोर जी गोष्ट लपवावीशी वाटत होती तिथूनच उत्तर मिळालं.

मग कॅलिफोर्नियात सांता बार्बरा रायटर्स कॉन्फरन्स भरते, तिथे ती गेली. तिथे कथास्पर्धा होती. तिने काय केलं तर गोष्ट अकरा वर्षांच्या पोरीच्या तोंडून लिहिली, कारण मग स्पेलिंग चुकलं तरी वाचणाऱ्याला वाटेल की लहान मुलीचं लिखाण आहे, चालायचंच. त्या गोष्टीला पहिलं बक्षीस मिळालं. लिहिणं आणि शुद्धलेखन या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे आपल्याकडच्या मराठीच्या तासाला कोणीतरी सांगायला हवं होतं असं मला हा किस्सा वाचताना दर वेळी वाटतं.

६. 'कमिंग अ‍ॅट्रॅक्शन्स' आणि 'डेझी फे अँड द मिरॅकल मॅन' ही दोन पुस्तकं आहेत का? दोन्ही घ्यायची?

नाही नाही, एकच पुस्तक आहे, दोन घेऊ नका! १९८१ मधे पहिल्यांदा आलं तेव्हा नाव 'कमिंग अ‍ॅट्रॅक्शन्स', नंतर नाव बदललं. प्रश्न ५ मधल्या बक्षीस मिळालेल्या गोष्टीचीच ही वाढवलेली कादंबरी, डेझी फे या पोरीच्या डायरीच्या रूपात, १९५२ पासून सुरू होणारी. यातही घर आहेच. फॅनीचे वडील सिनेमा थिएटरमधे प्रोजेक्टर चालवायचे आणि डेझीचे वडील पण तेच काम जाणणारे. फॅनी तरुणपणी मिस अलाबामा स्पर्धेच्या वाटेला गेली होती आणि पुस्तकाच्या शेवटाकडे डेझी मिस मिसिसिपीला उभी राहते. पण वाचून झाल्यावर "हे आत्मचरित्र आहे" म्हणू नका, ते का नाही ते प्रश्न ८ मधे.

७. कॅफेवाली ती आजी कोण? घरचा वारसा म्हणजे नक्की काय मिळालं होतं तिला?

तिचं नाव बेस फॉर्टनबेरी. फॅनीच्या आजीच्या पिढीतली, फॅनी तिला आंट बेस म्हणते. बर्मिंगहॅमला लागून आयर्नडेल नावाचं छोटं गाव आहे, रेल्वेचे रूळ अगदी मधून जाणारे, आणि रुळांच्या कडेलाच एक खाण्याचं ठिकाण, आयर्नडेल कॅफे. १९२८ साली ते हॉट डॉगचा स्टँड म्हणून सुरू झालं, १९३२ मधे बेसने ते विकत घेतलं आणि १९७२ पर्यंत म्हणजे सलग चाळीस वर्षं चालवलं. जरा विचार करा, १९३२ म्हणजे अमेरिकेतल्या महामंदीचा सगळ्यात वाईट काळ, बर्मिंगहॅम हे लोखंड-पोलादाचं शहर त्यामुळे मंदीचा फटका तिथे जबरदस्त बसलेला, आणि अशा वेळी एक बाई रुळांकडेला कॅफे घेऊन चालवायला बसते. ही माहिती एका ओळीत सांगून संपते पण तिच्यात कादंबरी आहे हे फॅनीला दिसलं.

बेस गेल्यावर फॅनीच्या हातात आलं ते बुटांचं एक खोकं, आत तिने जपलेल्या बारीकसारीक वस्तू, फोटो वगैरे. घर, जमीन, दागिने असं काही नाही. फॅनीने स्वतः सांगितलंय की पुस्तकाची सुरुवात या खोक्यापासून झाली. लोक मला विचारतात की "घरचा वारसा" म्हणजे कुठलं तरी नामवंत घराणं होतं का तिचं, तर नाही हो, एक खानावळ चालवणारी बाई आणि एक खोकं. मला ही कादंबरी आवडायचं मोठं कारण हेच आहे की ज्या बाईवर कोणी चार ओळी लिहिल्या नसत्या तिच्यामुळे आयर्नडेल हे गाव आज जगाला माहीत आहे.

८. म्हणजे इडगी म्हणजेच बेस आजी का? आणि इडगी-रूथचं जे आहे ते खऱ्या आयुष्यातलं आहे का?

हा सगळ्यात जास्त येणारा प्रश्न. कादंबरीतली इडगी थ्रेडगुड ही झाडावर चढणारी, मधमाश्यांच्या पोळ्यात हात घालणारी, पोकर खेळणारी, कोणाला न घाबरणारी बाई आणि ती तिच्या रूथसोबत कॅफे चालवते. कॅफे, रूळ, दारात आलेल्या भुकेल्याला उपाशी न पाठवणं, हे सगळं बेसच्या कॅफेवरून सुचलेलं. पण खून, खटला, रूथचा नवरा फ्रँक बेनेट, हा कथेचा सगळा सांगाडा फॅनीने रचलेला आहे. पुस्तकातला कॅफे १९२९ मधे पोस्ट ऑफिसच्या शेजारी उघडतो, खऱ्या बेसने १९३२ मधे चालू असलेलं ठिकाण विकत घेतलं. एवढ्या साध्या गोष्टीत सुद्धा तिने जशीच्या तशी नोंद उतरवलेली नाही.

त्यामुळे इडगीच्या आयुष्यावरून बेसच्या खाजगी आयुष्याचे अंदाज बांधू नका अशी माझी मनापासून विनंती आहे. ती खरी बाई होती, आणि कादंबरीतल्या पात्राच्या प्रेमाचा पुरावा तिच्याकडे मागणं बरोबर नाही. तारखा आणि घटना फॅनीने स्वतः ठरवल्या. घरून घेतलं ते त्या जागेत माणसं एकमेकांशी कशी बोलायची आणि कशी वागायची ते.

९. व्हिसल स्टॉप गाव खरं आहे का? तिकडे जाऊन कॅफे बघता येतो का?

व्हिसल स्टॉप कल्पनेतलं, पण मूळ आयर्नडेल खरं, आणि गंमत म्हणजे बघायला दोन कॅफे आहेत आणि लोक हमखास गोंधळतात. एक अलाबामातला आयर्नडेल कॅफे, बेसवाला, म्हणजे पुस्तकाचं मूळ. दुसरा जॉर्जिया राज्यात ज्युलिएट नावाच्या गावात, जिथे सिनेमाचं शूटिंग झालं, तिथल्या जुन्या दुकानाच्या इमारतीत सिनेमासाठी कॅफेचा सेट लावला होता आणि नंतर तिथे खरंच कॅफे सुरू झाला. सिनेमातल्यासारखं दिसणारं हवं असेल तर ज्युलिएट, आणि बेसचं नातं शोधायला जायचं असेल तर आयर्नडेल. दोन्ही वेगवेगळ्या राज्यांत आहेत, ट्रिप आखताना हे बघून घ्या.

१०. अभिनेत्री असल्याचा लेखनात काही फायदा झाला का, की फक्त प्रसिद्धीमुळे पुस्तक छापलं गेलं?

टीव्हीवरच्या नावामुळे पहिलं पुस्तक कोणाच्या नजरेस लवकर पडलं असेल हे मान्य, पण नावावर पुस्तक एवढी वर्षं टिकत नाही. फायदा झाला तो कानाचा. ती नकला करणारी, म्हणजे दुसऱ्याचा श्वास कुठे थांबतो, तो कुठल्या शब्दावर जोर देतो, हे ऐकून ठेवणारी. 'फ्राइड ग्रीन टोमॅटोज' उघडा आणि बघा, निनी थ्रेडगुड ही म्हातारी वृद्धाश्रमात तिथे येणाऱ्या एव्हलिन काउच या मध्यमवयीन बाईला गोष्टी सांगत बसते तेव्हा ती वाक्य अर्धं सोडून दुसरीकडे जाते, मधेच कोणाच्या तरी मांजरीचं सांगते, परत येते, आणि आपल्याला एकदाही वाटत नाही की लेखिका लिहितेय, वाटतं की ही बाई समोर बसून बोलतेय. मग मधेच डॉट वीम्सचं 'वीम्स वीकली' हे गावातलं छोटं बातमीपत्र येतं, त्यात गावच्या बारशापासून मयतापर्यंत सगळं आणि जोडीला नवरा विल्बर याच्या तक्रारी. प्रत्येक आवाज वेगळा, नाव झाकून वाचलं तरी कोण बोलतंय ते कळतं.

घराण्यावर लिहिणारे पुष्कळ जण इथे कमी पडतात असं माझं मत आहे. त्यांच्याकडे वंशावळ असते, तारखा असतात, कागद असतात, पण आजी बोलायची कशी ते नसतं. फॅनीकडे कागद थोडे आणि आवाज खूप. तिने स्वतःच्या बऱ्याच पुस्तकांची ऑडिओबुक्सही स्वतःच वाचली आहेत, शक्य असेल तर एखादं ऐकाच, मी काय म्हणतोय ते दोन मिनिटांत पटेल.

११. पुस्तक सुरू केलं पण काळ सारखा उडी मारतो, डोक्यात काही राहत नाही. कसं वाचू?

प्रकरणाच्या वर गाव आणि तारीख दिलेली असते ती सोडून पुढे जाऊ नका, सगळी चावी तिथेच आहे. मुळात दोनच धागे आहेत: एक १९८० च्या दशकात रोझ टेरेस वृद्धाश्रमात निनी आणि एव्हलिन, आणि दुसरा १९२० च्या दशकापासून पुढे व्हिसल स्टॉपमधे इडगी-रूथ. मधे बातमीपत्रं, आणि काही प्रकरणं बर्मिंगहॅमच्या स्लॅगटाउन या कृष्णवर्णीयांच्या वस्तीतली. पहिली पन्नास पानं नीट सावकाश वाचा, नंतर आपोआप लागतं. दक्षिणेकडची बोली वाचायला जड जात असेल तर प्रश्न १० मधला ऑडिओचा उपाय खरंच कामाचा आहे.

१२. सिनेमा आणि पुस्तक यात मोठा फरक काय?

दिग्दर्शक जॉन अ‍ॅव्हनेट, कॅथी बेट्स एव्हलिन, जेसिका टँडी निनी, मेरी स्टुअर्ट मास्टरसन इडगी, मेरी-लुईस पार्कर रूथ आणि सिसिली टायसन सिप्सी, म्हणजे थ्रेडगुडांकडे काम करणारी कृष्णवर्णीय स्वयंपाकीण. काम सगळ्यांचंच अप्रतिम. पण मोठा फरक इडगी आणि रूथच्या नात्यात आहे. पुस्तकात ते प्रेम आहे, सरळ आणि स्पष्ट, आणि इडगीच्या घरच्यांना ते कळतं आणि ते त्याचा बाऊ करत नाहीत, १९२० च्या दशकातल्या अलाबामातलं कुटुंब असं दाखवणं ही १९८७ साली केवढी मोठी गोष्ट होती. सिनेमात ते जिवलग मैत्रीसारखं दिसतं, बघणाऱ्याने समजून घ्यायचं. तरीही समलिंगी व्यक्तींच्या चित्रणाबद्दल ग्लाड या अमेरिकन संस्थेचा पुरस्कार सिनेमाला मिळाला, आणि सिनेमाने लपवलं की सांगितलं यावर लोकांची भांडणं अजून चालू आहेत. मला विचाराल तर सिनेमा बघा, पण नातं समजून घ्यायला पुस्तकच वाचा.

दुसरा फरक म्हणजे स्लॅगटाउनचा सगळा भाग, सिप्सी आणि तिने वाढवलेला बिग जॉर्ज यांच्या घरातल्या पुढच्या पिढीची गोष्ट, सिनेमात जवळपास नाहीच. हे नुकसान मोठं आहे, प्रश्न १५ बघा.

आणि हो, सिनेमात फॅनी स्वतः पण आहे, एव्हलिन ज्या क्लासला जाते तिथली शिकवणारी बाई म्हणजे तीच.

१३. (गुपित फुटेल!) निनी म्हणजेच इडगी आहे ना?

सिनेमा तसं सुचवतो. पुस्तकात मात्र नाही, आणि अजिबात शक्य नाही. पुस्तकात निनी ही थ्रेडगुडांच्या घरात वाढलेली आणि इडगीचा भाऊ क्लिओ याची बायको, म्हणजे इडगीची वहिनी. पुस्तकात निनी शेवटी जाते, आणि इडगी अगदी शेवटच्या पानांत वेगळीच भेटते, फ्लोरिडात रस्त्याकडेला मध वगैरे विकताना. सिनेमात निनी जिवंत राहते आणि एव्हलिनसोबत निघते. २०२० मधे आलेलं 'द वंडर बॉय ऑफ व्हिसल स्टॉप' वाचायला घेणाऱ्यांनी हे पक्कं लक्षात ठेवा, ते सिनेमाच्या पुढचं नसून पुस्तकाच्या पुढचं आहे. रूथचा मुलगा बड त्याच्या मध्यभागी आहे आणि निनी-इडगी एकच असं डोक्यात ठेवून वाचलंत तर पदोपदी अडखळाल.

१४. ऑस्कर मिळालं होतं ना? आणि पुलित्झरचं नॉमिनेशन?

ऑस्करची नामांकनं दोन होती, पुरस्कार मिळाला नाही. एक जेसिका टँडीला सहाय्यक अभिनेत्री म्हणून, आणि दुसरं रूपांतरित पटकथेसाठी फॅनी फ्लॅग आणि कॅरल सोबिएस्की यांना, त्यातली सोबिएस्की सिनेमा यायच्या आधी १९९० मधेच वारली होती. त्या वर्षी पटकथेचं ऑस्कर 'द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्स'ला गेलं. पुलित्झरबद्दल इंटरनेटवर "नॉमिनेटेड" असं सगळीकडे लिहितात, पण तिथे प्रकाशक कुठलंही पुस्तक पाठवू शकतो, मान असतो तो फायनलिस्ट यादीत येण्याचा, आणि १९८८ च्या त्या यादीत हे पुस्तक नव्हतं. तो पुरस्कार टोनी मॉरिसनच्या 'बिलव्हेड'ला मिळाला. 'टु किल अ मॉकिंगबर्ड'ची लेखिका हार्पर ली हिने केलेलं कौतुक मात्र खरं आहे, ती पण अलाबामाचीच.

१५. गोऱ्या बाईने लिहिलेलं गोड गोड जुन्या काळाचं पुस्तक, त्यात वर्णद्वेष कुठे आहे?

हा प्रश्न रागाने येतो आणि तो रास्त आहे, म्हणून जरा सविस्तर. बर्मिंगहॅम म्हणजे वर्णभेदाचा बालेकिल्ला, १५ सप्टेंबर १९६३ ला सिक्स्टीन्थ स्ट्रीट बॅप्टिस्ट चर्चमधे क्लॅनच्या (कु क्लक्स क्लॅन, गोऱ्यांचं वर्चस्व मानणारी हिंसक संघटना) लोकांनी बॉम्ब लावला आणि चार कृष्णवर्णीय मुली मेल्या ते हेच शहर. फॅनी तेव्हा एकोणीस वर्षांची होणार होती. त्या मातीतून आलेली बाई घरच्या वारशावर लिहिते तर त्या वारशात हे पण येतंच.

पुस्तक ते टाळत नाही. इडगी कॅफेच्या मागच्या दाराने कृष्णवर्णीय लोकांना जेवण विकते म्हणून क्लॅनवाले धमकी द्यायला येतात, पण नीट बघा, ती सुद्धा मागच्या दारानेच विकते, पुढून आत बसवत नाही, बसवूच शकत नाही. स्लॅगटाउनमधल्या प्रकरणांत हिंसा आणि अपमान उघड आहे. तरी मला वाटतं की टीका अर्धी खरी आहे. सिप्सी आणि बिग जॉर्ज यांची निष्ठा पुस्तक फार सहज गृहीत धरतं, ती माणसं स्वतःसाठी काय मागतात हे कमी येतं, त्यांचा आवाज निनीच्या आवाजाइतका आतून ऐकू येत नाही. ज्या कानाचं मी वर एवढं कौतुक केलं त्याची मर्यादा इथे दिसते, तो जिथे वाढला तिथलंच नीट ऐकतो. ही उणीव धरूनही मी पुस्तक वाचायला सांगतो, फक्त सोबत त्याच काळावर कृष्णवर्णीय लेखकांनी लिहिलेलं पण वाचा.

१६. रेलरोड बिल खरा होता का?

होता. अलाबामात १८९० च्या दशकात मालगाड्या लुटणारा कृष्णवर्णीय माणूस रेलरोड बिल म्हणून प्रसिद्ध झाला, १८९६ मधे अ‍ॅटमोर गावात त्याला मारलं आणि त्याच्यावर लोकगीतं झाली. कादंबरीत हा रेलरोड बिल १९३० च्या दशकात येतो, गाडीतून गरिबांसाठी खाण्याच्या वस्तू बाहेर फेकणारा. म्हणजे फॅनीने नुसत्या घरच्या नाही, सगळ्या मुलखाच्या आठवणी वापरल्या आणि काळ चाळीस वर्षं पुढे सरकवला. तिच्या कादंबरीतला बिल कोण ते पुस्तकातच वाचा.

१७. बाकीच्या पुस्तकांतही घरचं काही आहे का, की एकाच कॅफेवर सगळं?

आहे की, पण शोधावं लागतं. २०१० च्या 'आय स्टिल ड्रीम अबाउट यू'ची नायिका म्हणजे बर्मिंगहॅममधली घरं विकणारी, एके काळची मिस अलाबामा, आणि तिचं नाव मॅगी फॉर्टनबेरी. आडनाव बघितलंत? आंट बेसचं. पुस्तकात याचा गवगवा कुठेच नाही, ज्याला माहीत आहे त्याला दिसतं, आणि मला ते पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा फार भरून आलं होतं.

मग १९९८ चं 'वेलकम टू द वर्ल्ड, बेबी गर्ल!' बघा. त्यात टीव्हीवर काम करणारी डेना नॉर्डस्ट्रॉम स्वतःच्या आईचा भूतकाळ शोधते, म्हणजे घराण्याचा शोध हाच विषय. आणि २०१३ चं 'द ऑल-गर्ल फिलिंग स्टेशन्स लास्ट रियुनियन'. अलाबामातल्या एका साठीच्या बाईला कळतं की आपण ज्या खानदानाचा तोरा ऐकत वाढलो ते आपलं नाहीच, आणि धागा जातो विस्कॉन्सिनमधल्या पोलिश कुटुंबाच्या पेट्रोल पंपापर्यंत, जिथल्या मुली दुसऱ्या महायुद्धात विमानं उडवत होत्या. त्या वास्प (अमेरिकन सैन्यासाठी विमानं उडवणारं बायकांचं दल) वैमानिक खऱ्या होत्या, हजाराच्या वर बायका, १९४४ मधे दल बंद केलं, अडतीस जणी कामावर असताना गेल्या आणि तरी त्यांना माजी सैनिकांचा दर्जा थेट १९७७ मधे मिळाला. रक्ताचा वारसा म्हणजेच सगळं नाही हे या पुस्तकात फॅनीने इतक्या प्रेमाने दाखवलंय की मी प्रत्येकाला दुसरं पुस्तक म्हणून हेच सुचवतो.

१८. कुठल्या क्रमाने वाचू?

आधी 'फ्राइड ग्रीन टोमॅटोज', लगेच नको पण पुढे कधीतरी 'वंडर बॉय' (प्रश्न १३ ची सूचना पाळून). एल्मवुड स्प्रिंग्ज या मिसुरीतल्या कल्पित गावाची चार पुस्तकं आहेत: 'बेबी गर्ल' १९९८, 'स्टँडिंग इन द रेनबो' २००२, 'कान्ट वेट टू गेट टू हेवन' २००६ आणि 'द होल टाउन्स टॉकिंग' २०१६. छापल्याच्या क्रमाने वाचलेलं बरं. शेवटचं गोष्टीच्या काळाने सगळ्यात आधी म्हणजे १८८९ पासून सुरू होतं म्हणून काही जण तेच आधी घेतात, पण मग जी माणसं आधी भेटायला हवीत ती थेट स्मशानात भेटतात, मजा जाते. बाकीची कशीही वाचा.

१९. मला पण माझ्या आजीवर कादंबरी लिहायचीय, फॅनीकडून काय घेता येईल?

पहिलं म्हणजे आजीचं बोलणं जमवा, जे तिला ओळखायचे त्यांच्याकडून, ती चिडली की काय म्हणायची, कोणाला कुठल्या नावाने हाक मारायची, आणि शक्य तिथे रेकॉर्ड करा कारण ही माणसं थांबत नाहीत. दुसरं, नाव बदला, गाव बदला, आणि एकदा बदललं की घटना बदलायला घाबरू नका. फॅनीने आयर्नडेलचं व्हिसल स्टॉप केलं म्हणून तिला खून घालता आला, खरं नाव ठेवलं असतं तर प्रत्येक पानावर कोणी ना कोणी नातेवाईक "असं नव्हतं झालं" म्हणत उभा राहिला असता. तिसरं, जे जिवंत आहेत त्यांना छापायच्या आधी दाखवा, निदान सांगा तरी. शुद्धलेखनासाठी अडून बसला असाल तर प्रश्न ५ परत वाचा.

२०. ते तळलेले हिरवे टोमॅटो नक्की काय असतात, आणि रेसिपीचं पुस्तक पण तिचंच आहे का?

हो, १९९३ मधे व्हिसल स्टॉप कॅफेच्या नावाने तिचं पाककृतींचं पुस्तक आलं, ते कादंबरीचा भाग दोन समजून मागवू नका. पदार्थ म्हणाल तर कच्चे हिरवे, चांगले टणक टोमॅटो जाडसर चकत्या करून मीठ-मिरपूड लावून मक्याच्या पिठात घोळवायचे आणि तळायचे, काही जण आधी ताकात किंवा अंड्यात बुडवतात, आणि जुन्या पद्धतीत बेकनची चरबी वापरायचे. टोमॅटो जरा जरी पिकला असेल तर पाणी सुटतं आणि तळताना लगदा होतो, म्हणून पूर्ण हिरवेच घ्या.